ऐनवेळचे विषय: वाचकांचे प्रश्न, एका निवृत्त ग्रामसेवकाची उत्तरं

गेल्या अंकात मी एक वाक्य लिहिलं आणि अंगावर ओढवून घेतलं. लिहिलं होतं की मराठीतला गावावरचा सगळ्यात चांगला भयपट म्हणजे 'वळू'. त्यावर पत्रांचा गठ्ठा आला. संपादकबाईंनी तो तसाच माझ्याकडे पाठवला आणि वर चिठ्ठी लावली, 'तुम्हीच निस्तरा.'

नव्या वाचकांसाठी सांगतो. मी 31 वर्षं ग्रामसेवक होतो, माण-खटावच्या बाजूला. सिनेमाचं शिक्षण जत्रेतल्या तंबूत झालं. पुढं बदलीच्या गावी करमायचं नाही म्हणून मिळेल ते बघत गेलो, कळेल न कळेल त्या भाषेतलं. गावातल्या विचित्र गोष्टींवरचे काळ्या विनोदाचे सिनेमे हे माझं वेड. कारण साधं आहे. तसल्या गोष्टींची प्रोसिडिंगं, म्हणजे सभेत काय ठरलं त्याच्या नोंदी, मी स्वतःच्या हातानं लिहिली आहेत.

प्रश्न: भाऊसाहेब, ऑफिसातल्या चौघांबरोबर 'ई.म.यौ.' बघितला. बाकीचे खो-खो हसत होते आणि माझ्या पोटात गोळा आला होता. तीन महिन्यांपूर्वीच गावी जाऊन आजोबांचं सगळं करून आले होते. हा विनोदी सिनेमा आहे का? की माझंच काही चुकलं?
– एक वाचक, पुणे (गाव नांदेड जिल्ह्यात)

ताई, चुकलं काही नाही. तुमच्या मित्रांना पडद्यावर प्रेत दिसत होतं. तुम्हाला दिसत होतं की मंडपवाल्याचे पैसे कोण देणार.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: लिजो जोस पेल्लिसेरी यांचा 2018 चा मल्याळम सिनेमा, पटकथा पी. एफ. मॅथ्यूज यांची. नाव म्हणजे ईशो, मरियम, यौसेप, आपल्या भाषेत येशू, मारिया, योसेफ, यांची आद्याक्षरं. आपल्याकडे शेवटच्या घटकेला तोंडात गंगा-तुळस घालतात, तशी तिथं माणूस जाताना त्याच्या कानात ही नावं सांगतात. गाव चेल्लानम, कोचीजवळ, समुद्राला अगदी चिकटलेलं, ख्रिस्ती मच्छीमारांचं. म्हातारा बाप बऱ्याच दिवसांनी घरी येतो, येताना एक बदक घेऊन येतो. रात्री बाप-लेक प्यायला बसतात. बाप आपल्या बापाची अंत्ययात्रा किती थाटात निघाली होती ते रंगवून सांगतो. मुलगा भरात शब्द देऊन बसतो की तुमची त्याहून दणक्यात काढीन. आणि म्हातारा त्याच रात्री जातो. पोराच्या खिशात दमडी नाही, बाहेर पाऊस धो-धो.

पुढचा सगळा सिनेमा त्या एका शब्दाचा. आता माझी नजर बघा कुठं जाते. मुलाकडे नाही, अय्यप्पनकडे. विनायकन या नटानं केलेला हा माणूस पंचायतीचा सदस्य आहे. रात्री-बेरात्री पळतो कोण, तर तोच. शवपेटीच्या दुकानात तोच, पाद्रीसमोर तोच, पोलिसांत तोच. मी त्याला ओळखतो. माझ्या प्रत्येक गावात असा एक सदस्य होता. मर्तिक म्हटलं की निवडणूक विसरून धावायचा. सरपणाला ट्रॅक्टर सांगायचा, पाहुण्यांना फोन लावायचा, रॉकेल, मडकं, पांढरं कापड सगळं त्याच्या डोक्यात. आणि चौथ्या दिवशी लोक म्हणायचे, 'त्यात त्यानं किती मारले कुणास ठाऊक.'

मग शेजारपाजारचं कुजबुजणं सुरू होतं. म्हाताऱ्याला लागलं कसं? खरंच आपोआप गेला का? पाद्रीबाबांना संशय येतो आणि ते गुप्तहेरच होऊन बसतात. आता मृत्यूची नोंद ही माझ्या टेबलावरची गोष्ट. घरात कुणी गेलं तर 21 दिवसांत कळवायचं, मग रजिस्टरला ओढायचं. मृत्यूचं कारण या रकान्यात मी काय काय लिहिलं असेल याचा विचार करा. वृद्धापकाळ. छातीत कळ. एकदा घरच्यांनी सांगितलं, 'लिहा, अचानक.' मी म्हटलं, अचानक हे कारण नाही. ते म्हणाले, 'मग संध्याकाळी लिहा.' खोलीत माणूस मरून पडला आहे हे डोळ्यांना दिसतं, पण तो कसा मेला हे चौघांना पटेपर्यंत तो पुरता मेलेला नसतो. या सिनेमातला विनोद इथं आहे, आणि तुमच्या पोटातला गोळाही इथलाच.

आणखी एक. या सिनेमात दुष्ट कुणीच नाही. पाद्री आपलं काम चोख करतो, शेजारीण जे पाहिलं तेच बोलते, रडणाऱ्या बाया मनापासून रडतात. सगळे आपापल्या जागी बरोबर, आणि मधल्या मध्ये एक पोरगा वेडा होत चालला आहे. शेवट फोडत नाही. एवढंच सांगतो की तो स्वतः खोदायला घेतो, आणि जिथं घेतो ती जागा बघून मी खुर्चीत उठून उभा राहिलो होतो.

पणजीला इफ्फी या चित्रपट महोत्सवात त्या वर्षी दिग्दर्शकाला आणि मुलाचं काम करणाऱ्या चेंबन विनोद जोस यांना, दोघांनाही रौप्य मयूर मिळाला. माझ्या शेजारी बार्देशातले एक वयस्क गृहस्थ बसले होते. दिवे लागल्यावर डोळे पुसत म्हणाले, 'आमच्याकडे पाद्रीला चुकवता येतं, शेजारणीला नाही.' आणि मग तेही हसले.

प्रश्न: 'वळू'ला भयपट म्हणता? आमच्या घरात तो लागला की आजीसुद्धा लोळून हसते. काहीतरी वेगळं लिहायचं म्हणून लिहिता का?
– एक वाचक, संगमनेर

आजींना नमस्कार सांगा. मीही लोळलो आहे. पण निवृत्तीनंतर पुन्हा लावला आणि तिसऱ्या-चौथ्या प्रसंगाला हसू आटलं.

उमेश कुलकर्णींचा 2008 चा सिनेमा. गाव कुसवडे, बैलाचं नाव डुरक्या. देवाला सोडलेला आहे, म्हणजे दावं नाही, गोठा नाही, मालक नाही. गावात जे काही मोडतं, सांडतं, बिघडतं ते डुरक्यानं केलेलं. त्याला पकडायला बोलावतात कुणाला, तर वनाधिकाऱ्याला. अतुल कुलकर्णींनी केलेला तो साहेब धाकट्या भावाला बरोबर घेऊन येतो, तर भाऊ या सगळ्याची डॉक्युमेंटरी काढायच्या मागे.

आता सरकारी माणूस म्हणून माझा पहिला प्रश्न: बैल हा वन्य प्राणी आहे का? मोकाट जनावर ही ग्रामपंचायतीची बाब. त्यासाठी कोंडवाडा असतो. जनावर आत घालायचं, मालकाकडून दंड आणि खुराकीचे पैसे घ्यायचे, पावती फाडायची. पण डुरक्याला मालकच नाही, मग पावती कुणाच्या नावानं फाडणार? म्हणून विषय पंचायतीतून उडून थेट जंगल खात्यात. मी तो प्रसंग बघताना मनात प्रस्तावसुद्धा तयार केला होता, 'सोबत: ठरावाची नक्कल.'

भीती कुठं आहे ते सांगतो. एवढ्या गावात त्या बैलाशी वैर असं कुणाचंच नाही. तो सगळ्यांच्या सोयीचा आहे. ज्याची भानगड ज्याला झाकायची त्यानं डुरक्याच्या नावावर खपवावी. मी एका गावात होतो तिथं डुरक्याच्या जागी नळाला पाणी सोडणारा शिपाई होता. पाणी कमी आलं तर त्यानं पिऊन व्हॉल्व्ह फिरवला. पाणी गढूळ आलं तरी त्यानंच काहीतरी केलं. एका लग्नात जेवण कमी पडलं, तेव्हा कुणीतरी त्याचंच नाव घेतल्याचं मी कानांनी ऐकलं आहे. तो निवृत्त झाला आणि गाव दोन महिने इतकं चिडचिडं झालं की विचारू नका. शेवटी त्याला मानधनावर परत घेतला. ठराव माझ्या अक्षरात आहे. कारण लिहिलं आहे, 'कामाचा अनुभव.'

प्रश्न: 'तिथि' आई-वडिलांना दाखवावा का? कन्नड कळत नाही, खाली इंग्रजी अक्षरं पळतात.
– एक वाचक, जत

जतकरांना कन्नड कळत नाही हे मी वाचलं नाही असं समजतो. दाखवा. राम रेड्डींचा 2015 चा सिनेमा, मंड्या जिल्ह्यातल्या खेड्यात केलेला. कामं करणारी माणसं तिथलीच, नट कुणी नाही. 101 वर्षांचा, येणाऱ्या-जाणाऱ्याला शिव्या घालणारा म्हातारा मरतो आणि अकराव्याच्या जेवणाची तयारी लागते, एवढंच कथानक. पुढच्या तीन पिढ्यांना त्याच्या मरणाचं दुःख सोडून बाकी सगळं सुचतं.

माझ्या आवडीची भानगड वेगळी. जमीन म्हाताऱ्याच्या नावावर. ती विकायची आहे नातवाला. मध्ये त्याचा बाप, गडप्पा, जिवंत, रानोमाळ हिंडत पिणारा, सहीला कधी सापडत नाही आणि जमिनीत त्याला रसही नाही. तेव्हा नातू पैसे चारून जिवंत बापाचा मृत्यूचा दाखला काढतो. वडिलांना शेजारी बसवा आणि या प्रसंगाला त्यांचा चेहरा बघा. अक्षरं वाचायची गरज पडणार नाही. असा दाखला मागायला माझ्याकडे दोनदा लोक आले होते. मी दिला नाही. पण खरं सांगायचं तर हाकलूनही दिलं नाही, खुर्ची दिली, चहा मागवला. मागणं इतकं नीट समजावून सांगत होते की मध्येच मला वाटलं, अडचण माझीच आहे.

प्रश्न: मी शॉर्टफिल्म करतोय. अतिवास्तव शैलीत. उसाच्या फडातून बकऱ्याचं डोकं असलेला माणूस चालत येतो आणि गाव त्याला सरपंच करतं. मुखवटा बनवून घेतला आहे, साडेचार हजार गेले. बघणाऱ्याला अस्वस्थ कसं करायचं?
– एक वाचक, अंबड

मुखवट्याचे पैसे गेले म्हणून बोलायला जड जातंय, पण बकऱ्याचं डोकं राहू दे बाजूला. ते लांबूनच सांगतं की मी प्रतीक आहे. बघणारा लगेच सैल होतो. सरपंच होण्याचा भाग मात्र उचला. त्याला अर्ज कसा भरायला लावणार? जातीचा दाखला? शौचालय असल्याचं प्रमाणपत्र? सूचक कोण? इथं तुमचा सिनेमा आहे.

एक ऐकवतो, मग तुम्ही ठरवा. माझ्या नोकरीच्या मधल्या काळातलं. गावात एक म्हातारं वानर होतं, लंगडं. एका दुपारी डीपीवर चढलं आणि चिकटलं. मारुतीचा अवतार गावच्या हद्दीत गेला, त्यामुळे संध्याकाळपर्यंत तिरडी, गुलाल, भजनी मंडळ. इथवर तुम्हीही ऐकलं असेल, बऱ्याच गावांत होतं. दहाव्याला 41 जणांनी डोकी भादरली. आकडा मला माहीत आहे, कारण न्हाव्याचे पैसे वर्गणीतून द्यायचे होते आणि हिशोब माझ्याकडे आला.

ओढ्याच्या काठी पिंड ठेवला. कावळा शिवेना. अर्धा तास झाला, तास झाला. ऊन डोक्यावर, आणि त्या दिवशी सगळीच डोकी उघडी. झाडावर कावळे बसलेले, खाली बघतायत, येत नाहीत. आता माणसाचं असतं तेव्हा इच्छा माहीत असते. धाकटीचं लग्न करू, वाटणी नीट करू, असं म्हणतात आणि कावळा येतो. वानराची इच्छा काय? पोक्त मंडळी पुढं झाली. एक जण हात जोडून म्हणाला, 'तुझ्या पिल्लांना कुणी दगड मारणार नाही.' कावळा ढिम्म. दुसरा म्हणाला, 'मारुतीचा कळस करू.' नाही. तिसऱ्यानं चिंचेचं झाड न तोडायचा शब्द दिला. ते झाड त्याचं नव्हतं. ज्याचं होतं तो मागनं ओरडला, 'माझ्या झाडाचं तू कसं बोलतो?' तिथंच जुंपली. शेवटी सरपंच दोन पावलं पुढं गेले, चपला काढल्या आणि म्हणाले, 'डीपीला जाळी मारतो.'

कावळा आला.

कुणी हसलं नाही. मीही नाही. माझ्या अंगावर काटा आला होता. लोकांनी हात जोडले, मला सांगितलं, 'भाऊसाहेब, लिहून घ्या.' पुढच्या ग्रामसभेत ऐनवेळचा विषय म्हणून घेतला. डीपीला तारेची जाळी मारणेबाबत. सूचक, अनुमोदक, सर्वानुमते मंजूर. कागद वीज खात्याकडे गेला. डीपी आमचा, जाळी तुमची, की जाळी आमची आणि जागा तुमची, यावर तीन पत्रं झाली. मग माझी बदली झाली. त्याच्या आधीच्याच पावसाळ्यात त्याच डीपीला एक म्हैस गेली. तिचा दहावा कुणी घातला नाही. तिला मालक होता, तो भरपाईच्या मागे लागला.

हां, विसरलो. दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी दोघं ऑफिसात आले, वानराचा मृत्यूचा दाखला मागायला. मंदिराच्या वर्गणीच्या पुस्तकाला जोडायचा होता. मी रजिस्टर उघडून दाखवलं, बघा, वडिलांचं नाव, आईचं नाव, कायमचा पत्ता. त्यातला एक जण गंभीरपणे म्हणाला, 'वडिलांचं नाव तर माहीतच आहे सगळ्यांना. पवन.'

तेव्हा दोस्ता, मुखवटा कुणाला तरी विकून टाक. त्या पैशात एक खरं प्रोसिडिंग बुक मिळव आणि नटाच्या हातात दे. बाकी ऊस आहेच.

प्रश्न: परदेशात असा सिनेमा आहे का, खेड्यावरचा पण पूर्ण चक्रम?
– एक वाचक, डोंबिवली

स्पेनचा आहे. 'आमानेसे, के नो एस पोको', होसे लुईस कुएर्दा यांचा, 1989 चा. नावाचा अर्थ साधारण असा: उजाडतंय, हेही काही कमी नाही. आल्बासेते प्रांतातल्या डोंगरी गावांत काढला. एक बाप-लेक मोटारसायकलवरून एका गावात पोचतात आणि तिथं शेतात माणसं उगवतायत, भाजीसारखी. गावकऱ्यांना त्याचं काही नाही, नीट पाणी घालतात. गावाला फॉकनर या अमेरिकन लेखकाची इतकी भक्ती की त्याची कादंबरी चोरून स्वतःची म्हणून लिहिणाऱ्याला चौकीचा जमादार झापतो. निवडणूक होते ती फक्त महापौराची नाही, गावातली व्यभिचारिणी कोण हेसुद्धा मतदानानं ठरतं. ही एक सोय आपल्या कायद्यात नाही. आपल्याकडे ते बिनविरोध होतं.

शेवटी सूर्य भलत्याच दिशेनं उगवतो आणि तो जमादार चिडून सूर्यावर गोळ्या झाडतो. आता त्या गावांत सिनेमाच्या नावानं पर्यटक येतात. हा सिनेमा 'ई.म.यौ.'सारखा पोटात जात नाही, त्याचा स्वभाव आनंदी आहे. पण जमादाराचा तो राग मात्र मला घरचा वाटला. हद्दीत परवानगीशिवाय काही झालं की खुर्चीवरचा माणूस असाच पेटतो.

प्रश्न: 'जलीकट्टू'मध्ये रेडा खरा आहे का?
– एक वाचक, वय 13, इस्लामपूर

बेटा, बऱ्याच ठिकाणी यंत्राचा आहे, आतून हलवायचा. कसायाच्या हातून सुटलेल्या रेड्यामागे अख्खं गाव पळतं. पळणारी माणसं मात्र सगळी खरी आहेत, शेकड्यांनी, आणि मला भीती त्यांचीच वाटली. एस. हरीश यांच्या कथेवरचा हा 2019 चा सिनेमा 'ई.म.यौ.'वाल्याच दिग्दर्शकाचा. घरच्यांना विचारून बघ. रात्री नको.

प्रश्न: गावाकडची माणसं म्हणजे भाबडी, देवभोळी, भांडकुदळ. शहरातले लोक येतात, आम्हाला वेड्यात काढून राष्ट्रीय पुरस्कार घेऊन जातात. तुम्हीही त्यातलेच.
– एक वाचक, मंगळवेढा

राग निम्मा मान्य. भिंतीला शेण सारवलं, चार जणांना मुंडाशी बांधली आणि 'आरं, काय गं' म्हणायला लावलं की गाव झालं, असं समजणारे पुष्कळ आहेत. गावात आता प्रत्येक घरावर छत्री आहे आणि मुंडासं फक्त सत्काराला बांधतात, तेही भाड्याचं.

पण मला वाटतं तुमचा नेम 'देऊळ'वर आहे. 2011 चा, दिग्दर्शक उमेश कुलकर्णीच, लेखन गिरीश कुलकर्णी. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक त्याला 'ब्यारी' या सिनेमाबरोबर विभागून मिळालं, ते बहुधा तुम्हाला खटकतंय. केश्या गाय शोधायला जातो, झाडाखाली डोळा लागतो आणि त्याला दत्त दिसतात. तो चार जणांना सांगतो. पुढं मंगरूळला देऊळ, दुकानं, पार्किंग, पावती पुस्तकं, सगळं.

आता मला सांगा, वेड्यात कुणाला काढलं आहे? केश्याला तर नाही. त्याला दिसलं, तो बोलला, तो शेवटपर्यंत प्रामाणिक आहे. गावही भाबडं नाही, उलट फार हुशार आहे. गावात दवाखाना व्हावा म्हणून धडपडणारे अण्णा आहेत, दिलीप प्रभावळकरांनी केलेले. त्यांना सगळे मान देतात, बसायला सांगतात, चहा देतात, म्हणणं पूर्ण ऐकून घेतात. आणि दवाखाना मागे पडतो. नाना पाटेकरांनी केलेले भाऊ आधी अण्णांच्या बाजूचे, मग गावाच्या बाजूचे. हे सरकणं कुठल्या क्षणी झालं ते मी तीनदा सिनेमा थांबवून शोधलं, सापडलं नाही. खऱ्या सभेतही सापडत नाही. एक माणूस खाकरतो, दुसरा तंबाखू मळतो, तिसरा म्हणतो, 'मग घ्या लिहून,' आणि झालेलं असतं.

शहरात हे होत नाही असं मी कुठं म्हटलं? सोसायटीच्या मीटिंगला बसलोय की मी, मुलाकडे. फक्त तिथं तंबाखू मळत नाहीत, फोन बघतात.

प्रश्न: भाऊसाहेब, गावावर हसणं सोपं आहे. पण ती प्रोसिडिंगं लिहीत तर तुम्हीच होतात. 31 वर्षांत एकदा तरी 'अमुक यांनी विरोध केला' असं लिहिलंत का?
– एक वाचक, वाई

हे पत्र मी गठ्ठ्याच्या तळाशी दोन दिवस ठेवलं होतं.

नाही लिहिलं. एकदा लिहायला हवं होतं. 2 ऑक्टोबरची ग्रामसभा. गणसंख्या म्हणजे मतदारांच्या 15 टक्के किंवा 100 माणसं, यातलं जे कमी असेल ते. पंचवीस-तीस जमले होते. सभा तहकूब केली. तहकूब सभेला गणसंख्या लागत नाही, हे तुम्हाला माहीत असेलच. म्हणून तीच माणसं पुन्हा घेतली, काही चहाला गेली ती गेलीच. विषय होता गावठाणातली पडीक विहीर बुजवून तिथं व्यासपीठ बांधायचा. एक बाई उभ्या राहिल्या. विधवा, विहिरीला लागून घर. म्हणाल्या, 'मी नाही म्हणते.' एवढंच. कारणबिरण काही नाही. अध्यक्ष म्हणाले, 'बरं, बसा,' आणि माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात धमकी नव्हती, काहीच नव्हतं. गावात चांगलं काम होत होतं, त्यात एक ओळ कशाला वाढवा, असं ते बघणं होतं. मी लिहिलं, सर्वानुमते.

मार्चअखेरीला त्या घरपट्टी भरायला आल्या. पैसे रुमालात बांधलेले. मोजून टेबलावर ठेवले आणि म्हणाल्या, 'त्या दिवशीचं वाचा.' मी वही काढली, विषय क्रमांक 6 वाचला. सूचक, अनुमोदक, शेवटपर्यंत. त्यांनी सगळं ऐकलं. मग विचारलं, 'मी कुठं होते मग तवा?'

हजेरीच्या वहीत त्यांची सही आहे, 14 नंबरला, आडवी, ओळ सोडून खाली उतरलेली. ती मी त्यांना दाखवली नाही. पावती फाडून दिली. त्यांनी ती उभ्या-उभ्या वाचली, नावातलं एकेक अक्षर बोटानं लावत, आकडा दोनदा, आणि मग रुमालात घातली.